काळावरचा ओरखडा: कथेतला सिद्धांत आहे, भोकं दाखवा

कातळखूण (धागाकर्ता)

विज्ञानकथेसाठी एक खोटा सिद्धांत रचतोय. सिद्धांत खोटा असला तरी भौतिकशास्त्र जाणणाऱ्याला पहिल्याच पानावर हसू येऊ नये, एवढीच अपेक्षा.

ओरखडा सिद्धांत असा: थोड्या जागेत, थोड्या वेळात प्रचंड ऊर्जा सुटली की तिथल्या काळावर ओरखडा पडतो. तो कधीच भरून येत नाही. त्या जागी ठेवलेलं घड्याळ बाहेरच्या घड्याळापेक्षा कायम मागे पडतं.

स्थळ लोणार. उल्कापाताने १.८ किलोमीटर व्यासाचं विवर झालं, तेव्हा ओरखडा पडला. नायिका भूभौतिकीवाली आहे. ती विवराच्या तळाशी सीझियम घड्याळ (अणूंच्या ठोक्यावर चालणारं, अतिशय अचूक) नेते आणि ते ३ मायक्रोसेकंद मागे पडलेलं सापडतं.

प्रश्न तीन. ऊर्जा पुरेशी आहे का? खूण वाचायची कशी? आणि "कायमची" या शब्दाला खऱ्या विज्ञानात कुठे आधार आहे का?

---

शंकेखोर

ऊर्जेच्या आधी "त्या जागी" या दोन शब्दांकडे बघा. पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला ३० किलोमीटर वेगाने जाते. सूर्य आकाशगंगेच्या केंद्राभोवती सेकंदाला सव्वादोनशे किलोमीटरच्या आसपास. ओरखडा अवकाशातल्या जागेवर पडला असेल तर लोणार ती जागा त्याच क्षणी सोडून पुढे गेलं. जागा स्थिर कशाच्या तुलनेत, याला सापेक्षतेत उत्तरच नाही.

मग खूण दगडात हवी. पण दगडात राहिलेली खूण ही काळावरची नव्हे, दगडावरची. तशी तर लोणारच्या बेसाल्टमध्ये खरीखुरी आहेच: आघाताच्या दाबाने त्यातल्या प्लॅजिओक्लेज खनिजाची काच झाली, तिला मॅस्केलिनाइट म्हणतात.

दुसरं भोक यापेक्षा मोठं आहे. "घड्याळ मागे आहे" आणि "घड्याळ मंद चालतं" या वेगळ्या गोष्टी आहेत. तुमच्या मसुद्यात दोन्ही एकच झाल्यात.

ओरखड्याने चाल मंद होत असेल, तर फरक साचत जातो. समजा चाल १०^-१३ ने मंद आहे. आर्गॉन पद्धतीने लोणारचं वय ५ लाख ७० हजार वर्षांच्या घरात येतं. तेवढ्या काळात १.८ सेकंद साचतील.

आणि ओरखडा म्हणजे एकदाच बसलेला ठोस फरक असेल, तर नायिकेच्या घड्याळाला तो कळणार कसा? ते घड्याळ उल्कापाताच्या वेळी तिथे नव्हतं. कारखान्यातून आलेलं घड्याळ जुन्या घटनेचा हिशोब दाखवत नाही.

---

उणेएक

ऊर्जेचा हिशोब. आघात दहा मेगाटनचा धरा. म्हणजे ४.२ × १०^१६ ज्यूल. प्रकाशवेगाच्या वर्गाने भागा: ४६५ ग्रॅम. अर्धा किलो साखरेपेक्षा कमी वस्तुमानाची ऊर्जा झाली.

ही सगळीच्या सगळी गुरुत्वलहरींत, म्हणजे अवकाशालाच ताणत-आकसत जाणाऱ्या लहरींत, गेली (जात नाही, पण कथेला सूट) आणि तुम्ही एक किलोमीटरवर उभे असलात, तरी अवकाशाचा ताण (लांबी मूळ लांबीच्या किती पट बदलते तो आकडा) ३.५ × १०^-३१ च्या वर जात नाही. अशा लहरी पकडणाऱ्या अमेरिकेतल्या लायगो वेधशाळेने टिपलेला पहिला ताण १०^-२१ होता. तीन अब्ज पट कमी आहात. उल्का दहापट मोठी घेऊन फरक पडणार नाही, दहापट म्हणजे एक शून्य.

तुलनेसाठी: १४ सप्टेंबर २०१५ ला, भारतीय वेळेनुसार दुपारी ३ वाजून २० मिनिटांनी लायगोने पकडलेल्या घटनेत साधारण ३ सूर्यांएवढं वस्तुमान लहरींत गेलं. ६ × १०^३० किलो.

लोणार सोडा.

---

कातळखूण

लोणार सोडलं (जड मनाने). शंकेखोर यांचा दुसरा मुद्दा जास्त लागला. म्हणजे खूण वाचणारं साधन घटनेच्या आधीपासून चालू हवं?

---

लोलक

हो. आणि आता चांगली बातमी: तुम्ही रचताय तसा परिणाम खऱ्या सिद्धांतात आहे. त्याला गुरुत्वलहरींची मेमरी म्हणतात.

नेहमीची लहर येते तेव्हा दोन मोकळ्या वस्तूंमधलं अंतर कमी-जास्त, कमी-जास्त होतं आणि पूर्ववत होतं. मेमरीत ते पूर्ववत होत नाही. दोरीवर कपडे वाळत घातलेत, वावटळ येऊन गेली, दोरी पुन्हा शांत झाली, पण चिमटे दोन बोटं सरकलेले. वावटळ संपली तरी सरकणं राहतं.

१९७४ साली झेल्डोविच आणि पोल्नारेव्ह यांनी हे प्रथम मांडलं, ताऱ्यांच्या दाट समूहातल्या जवळून जाणाऱ्या वस्तूंसाठी. १९८७ मध्ये ब्रागिन्स्की आणि थॉर्न यांनी त्याचा शोध कसा घ्यायचा ते पाहिलं. १९९१ मध्ये ख्रिस्तोदुलू यांनी दाखवलं की लहर स्वतः ऊर्जा वाहून नेते, आणि त्या ऊर्जेचंही गुरुत्व असतं, त्यामुळे लहरच आपल्या मागे आणखी एक कायमची खूण सोडते. कृष्णविवरांच्या विलीनीकरणात हीच दुसरी खूण मुख्य.

आलेखावर ती पायरीसारखी दिसते: आधी सपाट, विलीनीकरणाच्या क्षणी चढ, मग पुन्हा सपाट, पण वरच्या पातळीवर. उंची शिखराच्या एक दशांश ते एक विसांश.

एक बारकावा कथेत वापरण्याजोगा आहे. मुख्य लहर सगळ्यात जोरदार दिसते ती कक्षेच्या तोंडावर, म्हणजे थाळी समोरून दिसावी तशी. मेमरी तिथे शून्य. ती सगळ्यात मोठी असते कक्षा कडेने दिसताना. गाजलेली घटना खूण न ठेवता जाऊ शकते, आणि फिकी घटना खूण ठेवून.

---

शंकेखोर

पण हा ओरखडा अवकाशावरचा. धाग्याचं नाव काळावरचा आहे.

---

लोलक

रास्त. २०१४ मध्ये स्ट्रॉमिंजर आणि झिबोएडोव्ह यांनी दूरवर मांडलेल्या शोधकांचा विचार केला: लहर जाण्याआधी आणि गेल्यानंतर. फरक फक्त सापेक्ष स्थानांत पडत नाही, घड्याळांच्या वेळांतही पडतो. आणि तो फरक १९६२ सालच्या एका जुन्या सममितीच्या भाषेत नेमका बसतो. बाँडी, व्हान डर बर्ग, मेट्झनर आणि सॅक्स यांच्या कामातून आलेली ही सममिती, आद्याक्षरांवरून बीएमएस. साध्या शब्दांत: आकाशाच्या प्रत्येक दिशेला वेळेचा शून्यबिंदू वेगवेगळा सरकतो.

२०१६ मध्ये स्पिन मेमरी आली. वर्तुळात उलटसुलट दिशांनी दोन प्रकाशझोत फिरवत ठेवा. लहर जाताना त्यांच्या फेऱ्यांच्या वेळांत फरक साचतो आणि राहतो. तुमच्या शीर्षकाच्या हे सगळ्यात जवळ, पण मोजायला साध्या मेमरीहून कठीण.

एक पक्कं लक्षात ठेवा: खूण एकट्या घड्याळावर कधीच नसते. एका घड्याळाला आपण मागे आहोत हे कळायला मार्ग नाही. खूण जोडीत असते, आणि जोडी घटनेच्या आधीपासून जुळवलेली हवी.

---

मोजपट्टी

मग लायगोला ही पायरी का दिसली नाही, ते सांगून टाकतो, कारण वाचक विचारणारच.

लायगोत लेझरचा झोत परतवणारे आरसे ४० किलोचे, चार टप्प्यांच्या लोलकावर टांगलेले. लोलक साधारण एक हर्ट्झच्या वरच "मोकळा" असतो. त्याखाली गुरुत्वाकर्षण त्याला जागेवर आणतं, शिवाय ४ किलोमीटरच्या भुजा अनुनादात ठेवायला नियंत्रण यंत्रणा आरसा सतत ढकलत असते. म्हणजे आरसा कायमचा सरकला तरी यंत्रणा त्याला निमूट परत आणते. राहतो तो फक्त पायरीचा चढ, तोही १०-२० हर्ट्झच्या वरचा तुकडा. खालचा भाग जमिनीच्या थरथरीत बुडालेला.

म्हणून एका घटनेत मेमरी दिसत नाही, घटनांची बेरीज करावी लागते. २०१६ च्या एका अंदाजानुसार, पूर्ण क्षमतेच्या अॅडव्हान्स्ड लायगोला पहिल्या घटनेसारख्या साधारण ३५ घटना जमवल्यावर संकेत गोंगाटाच्या तिप्पट होईल, ९० जमवल्यावर पाचपट. बेरीज करताना फसण्याची जागा अशी: मेमरीचं चिन्ह कक्षेच्या कोनावर अवलंबून असतं. अर्ध्या घटनांत पायरी वर, अर्ध्यांत खाली. चिन्ह न ओळखता बेरीज केलीत तर उत्तर शून्याकडे जातं, आणि दोष लहरींवर येतो.

लिसाला, युरोपीय अवकाश संस्थेच्या मोहिमेला, हा त्रास कमी. भुजा २५ लाख किलोमीटर, आतले ठोकळे खरोखर तरंगते. पण ती २०३५ च्या सुमाराची गोष्ट.

---

गोदाकाठ

अवांतर: लायगो-इंडिया हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथला होतंय. फेब्रुवारी २०१६ मध्ये तत्त्वतः मंजुरी, एप्रिल २०२३ मध्ये २,६०० कोटींची. त्याच गावची कथा सगळ्यांना माहीत आहे: नामदेवांना देवळामागे जाऊन कीर्तन करायला सांगितलं, तर देऊळच फिरलं. नंदी अजून मागच्या बाजूला आहे. फिरलेलं देऊळ, जागेवर राहिलेला नंदी. जोडीतली खूण आणखी कशाला म्हणतात!

---

शंकेखोर

नंदी संदर्भ-घड्याळ. मान्य. :)

---

कातळखूण

औंढ्याचं घेतोच. पण नायिकेच्या हातात एक घड्याळ द्यायचंच आहे. ती विद्यार्थ्यांना "काळावर खूण राहते" हे प्रयोगाने दाखवते असा एक प्रसंग हवा. कळसूबाईवर घड्याळ नेऊन ठेवलं तर?

---

उणेएक

कळसूबाई १६४६ मीटर. वर वेळ १.७९ × १०^-१३ ने वेगात. आठवड्याला १०८ नॅनोसेकंद पुढे, वर्षभर ठेवलंत तर सुमारे ५.७ मायक्रोसेकंद. खाली आणलं की चाल पुन्हा समुद्रसपाटीची होते, पण कमावलेला फरक पुसला जात नाही. प्रसंगाला हेच हवंय.

---

मोजपट्टी

कळसूबाईला शिड्या आहेत हो. सीझियम घड्याळ साधारण ३० किलोचं, त्यावर बॅटऱ्या. महाबळेश्वर घ्या, गाडी दारापर्यंत जाते. सुमारे १३५० मीटर, कोकण किनाऱ्याच्या तुलनेत आठवड्याला ८९ नॅनोसेकंद, दिवसाला पावणेतेरा.

क्रम असा लिहा. तीन घड्याळं वर नेणारी, किमान एक खाली राहणारं. आधी आठवडाभर चारही एकाच खोलीत शेजारी, दर सेकंदाचा ठोका कालांतर-मोजकाला जोडून, म्हणजे प्रत्येकाची स्वतःची चाल कळते. मग वर. मग पुन्हा आठवडाभर शेजारी. आधीची आणि नंतरची चाल जुळली तरच मधल्या फरकावर विश्वास ठेवायचा. तीन कशाला? दोन घड्याळं भांडली तर खोटं कोण ते कळत नाही. तीनांत कळतं.

वीज एक क्षणही जाता कामा नये. घड्याळ पन्नासेक वॅट खातं, १२ व्होल्ट १०० अँपिअर-तासाची बॅटरी अर्धी वापरली तर बारा तास. प्रवासाला पुरते. वर मुक्कामी भिंतीची वीज, मध्ये बॅटरी तशीच जोडलेली.

चुकायच्या जागा: स्वस्तातलं रुबिडियम घड्याळ घेऊन हे करता येत नाही. त्याचा सूर तापमानासोबत हलतो. १०^-१२ एवढी चूक झाली तरी दिवसाला ८६ नॅनोसेकंद, म्हणजे आठवड्याची कमाई एका दिवसात बुडाली. चांगलं सीझियम दिवसाला एखाद-दोन नॅनोसेकंद भटकतं, ते चालतं. महाबळेश्वरचं पावसाळी दमट धुकं टाळा, प्रसंग फेब्रुवारीत ठेवा.

हे अतिशयोक्त नाही. २००५ मध्ये अमेरिकेत माउंट रेनियरवर ५,४०० फुटांवर तीन सीझियम घड्याळं गाडीतून नेऊन दोन दिवस ठेवली होती, वीसेक नॅनोसेकंद मिळाले. त्याआधी १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग यांनी प्रवासी विमानांतून घड्याळं जगाभोवती फिरवली: पूर्वेकडे गेलेली ५९ नॅनोसेकंद मागे, पश्चिमेकडची २७३ पुढे.

---

शंकेखोर

प्रसंग छान, पण नायिकेच्या तोंडी "ही काळावरची खूण" घालू नका. हा घड्याळाने केलेल्या प्रवासाचा हिशोब आहे. महाबळेश्वरला न गेलेल्या घड्याळावर त्याचा परिणाम शून्य. ओरखडा म्हणायचा तर प्रवास न करता, सगळ्या घड्याळांवर एकदम पडायला हवा. हा फरक एखाद्या विद्यार्थ्याने वर्गातच दाखवून दिला तर कथा पुढे सरकेल.

---

ताराबाण

मग तुम्हाला पल्सार हवेत: वेगाने फिरणारे, नियमित रेडिओ ठोके देणारे मेलेले तारे. आधीपासून चालू असलेली घड्याळं, आकाशभर विखुरलेली, फुकट. आणि खोडदची जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण घरचीच: नारायणगावजवळ, ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या, २५ किलोमीटरवर पसरलेल्या. इंडियन पल्सार टायमिंग अॅरे ती वापरतो. जून २०२३ मध्ये जगभरच्या गटांनी नॅनोहर्ट्झ (एका हेलकाव्याला वर्षानुवर्षं घेणाऱ्या) गुरुत्वलहरींचे पुरावे एकत्र जाहीर केले, त्यात हा गटही होता.

पृथ्वीवरून मेमरीची पायरी गेली की काय दिसतं? पल्सारची वारंवारता अचानक किंचित बदललेली भासते. म्हणजे अपेक्षित वेळ आणि प्रत्यक्ष ठोका यांतला फरक (रेसिड्युअल) त्या दिवसापासून सरळ रेषेत वाढू लागतो. ताण १०^-१५ असेल तर वर्षाला ३१.५ नॅनोसेकंद, दहा वर्षांत ३१५. कायमची खूण आहे, म्हणून रेषा वळत नाही. दर वर्षी सोपी होत जाणारी खूण!

एवढा ताण कोण देतं? ढोबळ हिशोब: एकेक अब्ज सूर्यांची दोन कृष्णविवरं, ३.३ अब्ज प्रकाशवर्षांवर, कक्षा कडेने दिसणारी. आजवर अशी एकही सापडलेली नाही, तुमची कथा त्यासाठीच आहे.

नायिकेचं काम असं. मिलिसेकंद पल्सार (काही मिलिसेकंदांत एक फेरी घेणारे) वीसेक निवडायचे, सगळे आकाशाच्या एकाच कोपऱ्यातले नकोत. दर दोन आठवड्यांनी प्रत्येकाचा वेध, एकाच बैठकीत दोन पट्ट्यांत: ३०० ते ५०० मेगाहर्ट्झ आणि १२६० ते १४६०. हजारो ठोके एकावर एक रचून एक स्वच्छ आकृती, तिची साच्याशी जुळणी, त्यातून आगमनाची वेळ. ती वेळ पृथ्वीवरून सौरमालेच्या वस्तुमानकेंद्रावर नेऊन ठेवायची. मग वजाबाकी.

दोन पट्टे का? वाटेतल्या इलेक्ट्रॉनांमुळे कमी वारंवारतेचा ठोका उशिरा येतो, वारंवारतेच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात. इलेक्ट्रॉनांचं प्रमाण १०^-४ एककांनी (पार्सेक प्रति घनसेंटिमीटर) बदललं तर १४०० मेगाहर्ट्झला २१२ नॅनोसेकंदांचा उशीर, ४०० ला २.६ मायक्रोसेकंद. तुमची वर्षाची कमाई ३१.५! खालच्या पट्ट्यात हा दोष ढळढळीत दिसतो म्हणून तो काढता येतो. खोडदची खरी किंमत इथे आहे.

आता फसवणुका, आणि याच कथेचा मसाला आहेत.

एकच पल्सार बिघडला तर तो ओरखडा नव्हे. पल्सार स्वतःच कधी एकदम वेगाने फिरू लागतो (ग्लिच), रेसिड्युअल तसंच वाकतं. पण ग्लिचमध्ये वेग जवळजवळ नेहमी वाढतो, आणि त्यातला काही भाग बरेचदा ओसरतो. मेमरीत काही पल्सार वेगवान भासतात, काही मंद, आणि काहीच ओसरत नाही.

सगळेच पल्सार एकसारखे उशिरा आले तर वेधशाळेचं घड्याळ चुकलं. आकाशाचा एक अर्धा लवकर आणि दुसरा उशिरा असेल तर सौरमालेच्या केंद्राचा हिशोब चुकला, गुरूचं स्थान वगैरे. आकाशाचे चार चतकोर होऊन समोरासमोरचे दोन लवकर आणि उरलेले दोन उशिरा, असं असेल तेव्हाच छातीत धडधड सुरू होऊ द्या.

आणि एप्रिल २०२१ विसरू नका. जे१७१३+०७४७ हा सगळ्यात भरवशाच्या पल्सारांपैकी एक. त्याच्या ठोक्याचा आकारच एकाएकी बदलला. जुन्या साच्याशी जुळवत राहिलं की वेळेत उडी दिसते, आणि ती वेळेतली उडी नसते. नायिकेने उडी दिसली की आधी आकृती काढून बघावी, मग फोन करावा.

---

कातळखूण

हे सोनं आहे. सुधारित मसुदा: लोणार नाही, खोडद. ओरखडा पृथ्वीवरून जातो, कुणालाच काही जाणवत नाही. नायिकेला सहा महिन्यांनी रेषा वाकलेली दिसते. ताण १०^-१४ घेतो, म्हणजे वर्षाला ३१५ नॅनोसेकंद. खोटेपणा एकाच ठिकाणी: माझ्या सिद्धांतात ओरखडे एकमेकांवर पडले की काळ तिथे "चिरतो". बाकी सगळं खरं. चालेल?

---

लोलक

एकच खोटं, तेही शेवटच्या पायरीवर, हे बरोबर जमलंय. खऱ्या सिद्धांतात खुणा फक्त बेरीज होतात, चिरत नाहीत. ते पात्रांपैकी कुणीतरी म्हणू दे.

---

ताराबाण

"सहा महिन्यांनी" बदला. प्रत्येक पल्सारची वारंवारता आणि तिचा मंदावण्याचा दर आपण याच नोंदींतून काढतो. घटना नोंदींच्या शेवटाला असेल तर हे दोन आकडे थोडेसे सरकून वाकलेली शेपटी गिळून टाकतात, आणि उरतं ते गोंगाटासारखं दिसतं. घटनेच्या आधी आणि नंतर दोन्हीकडे वर्षं हवीत. १०^-१४ ला दिवसाला ०.८६ नॅनोसेकंद जमतात, सहा महिन्यांत १५७, पण त्यातले बरेच असे गिळले जातील. तिला किमान तीन वर्षं थांबवा. आणि त्या तीन वर्षांत एकदा तिचा एक पल्सार जे१७१३ सारखा दगा देऊ दे.

---

कातळखूण

तीन वर्षं केली. दगा देणारा पल्सार चौथ्या प्रकरणात टाकलाय. कडेने दिसणाऱ्या कक्षेचं ठेवतो, तर लहरीचा मुख्य भाग कुणाला दिसेल का?

---

लोलक

नाही. एवढ्या जड जोडीच्या शेवटच्या फेऱ्या काही दिवसांच्या असतात. लायगोसाठी फार संथ, दर दोन आठवड्यांनी बघणाऱ्या पल्सारवाल्यांसाठी फार चटकन संपणाऱ्या. मधल्या लहरी कुणाच्याच हाती लागत नाहीत, फक्त पायरी.